ऐकायचा चष्मा

"कोण गेलं तुमच्या घरातलं?"

नेरीमानबाई माझ्याशी बोलल्या ते हे पहिलं वाक्य. लंडनला कॅमडेनमध्ये एका जुन्या इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर आमची संकलनाची खोली होती. तिला खिडकी नव्हती. दुपारी मी डबा उघडला आणि त्यात शिरा होता. आमच्या लेकीला लीड्सच्या हॉस्पिटलात नोकरी लागली म्हणून माझ्या बायकोनं, सुलभानं, आदल्या दिवशी सत्यनारायण घातला होता.

"कुणी नाही," मी गोंधळून म्हटलं. "आनंदाची गोष्ट आहे, म्हणून केलाय."

बाईंनी न विचारता चमचाभर घेतला, डोळे मिटून चाखला. "आमच्याकडे माणूस गेलं की हा करतात. रवा, लोणी, साखर, दूध. भाजता भाजता गेलेल्या माणसाबद्दल बोलायचं आणि मग शेजारीपाजारी वाटायचा. आम्ही याला हेल्वा म्हणतो." मग त्यांनी दुसरा चमचा घेतला. "तुम्ही लोक फार सुखी तरी असाल, नाहीतर आम्ही फार दुःखी."

ही दोन हजार चार-पाचच्या सुमाराची गोष्ट. मी मूळचा नागपूरचा. मुंबईत माहितीपटांचं संकलन शिकलो, तिशीच्या आत इंग्लंडला आलो आणि इथेच म्हातारा झालो. तेव्हा माझी साठी उलटली होती. एका ब्रिटिश वाहिनीसाठी तुर्कस्तानच्या इतिहासातल्या दुखऱ्या जागांवर पाच भागांची मालिका तयार होत होती. ग्रॅहम नावाचा निर्माता-दिग्दर्शक ती करत होता, जोडकाम-कापकाम माझ्याकडे होतं, आणि तुर्की भाषेतल्या सगळ्या मुलाखतींचं इंग्रजी करण्याचं काम नेरीमानबाईंकडे. त्या माझ्याहून सहा-सात वर्षांनी मोठ्या. इस्तंबूलमध्ये शाळेत शिकवायच्या. नवऱ्याबरोबर लंडनला आल्या, तो लवकर गेला. मग कोर्टात, दवाखान्यात, कौन्सिलच्या कचेऱ्यांत तुर्की माणसांची दुभाषी म्हणून त्यांनी वीस-पंचवीस वर्षं काढली होती.

बांधा लहानसा, केस आखूड आणि पांढरेशुभ्र, मनगटावर नवऱ्याचं मोठं घड्याळ. ते सारखं कोपरापर्यंत घसरायचं. पर्समध्ये तीन चष्मे. एक वाचायचा, एक लांबचा. तिसऱ्याची काडी दोऱ्यानं बांधलेली होती. मी पहिल्यांदा विचारलं तेव्हा त्या गंभीरपणे म्हणाल्या, "हा ऐकायचा."

मला वाटलं थट्टा करतायत. पण मुलाखतीची टेप लावली की त्या खरंच तो चष्मा चढवायच्या, पडद्याच्या अगदी जवळ खुर्ची ओढायच्या आणि बोलणाऱ्याच्या तोंडाकडे बघत राहायच्या. "तोंड दिसल्याशिवाय मला ऐकू येत नाही," म्हणायच्या. "कान फक्त शब्द घेतात हो. माणूस कुठे अडखळला, ते ओठ सांगतात."

मी त्यांना "बाई" म्हणायचो. त्यांनी अर्थ विचारला. मी सांगितलं, आमच्याकडे शाळेतल्या शिक्षिकेला असं म्हणतात. त्या इतक्या खूश झाल्या की दुसऱ्या कुठल्या नावानं हाक मारू देईनात. त्या मला "दिनकर बे" म्हणत. तुर्कीत "बे" म्हणजे साहेब, राव. मी त्यांना सांगितलं की आमच्या नागपुरात "काय बे" म्हटलं की एक तर समोरचा जिगरी दोस्त असतो, नाहीतर मारामारी होते. तेव्हापासून त्या सकाळी दारातून आत येताना मुद्दाम म्हणायच्या, "काय बे, दिनकर बे?" ग्रॅहमला आम्ही का हसतोय ते कधीच कळलं नाही.

आमची गट्टी जमली ती शब्दांवरून. एकदा टेपमधली एक म्हातारी काहीतरी सांगत होती आणि मला मध्येच "साबून" ऐकू आलं. मी टेप थांबवली. "साबण म्हणाली का?" बाईंनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "तुम्हाला कसं कळलं?" मग आम्हाला नादच लागला. पडद्याला ते पेर्दे म्हणतात. कलम म्हणजे कालेम, दुकान म्हणजे द्युक्कान, जबाब म्हणजे जेवाप. तारीख म्हणजे तारिह. फक्त त्यांच्याकडे तारिह म्हणजे दिवसही आणि इतिहासही. अरबी-फारसीतून निघालेले हे शब्द एका बाजूला इस्तंबूलला पोचले आणि दुसऱ्या बाजूला नागपूरला. बाईंनी भिंतीवर एक मोठा कागद चिकटवला. निळ्या शाईत सारखे शब्द लिहायचे, आणि लाल शाईत फसवे. फसवे म्हणजे तोंडवळा तोच पण अर्थ निराळा. लाल रंगातला पहिला शब्द होता मिसाफिर. आपला मुसाफिर प्रवासाला निघालेला असतो. त्यांचा मिसाफिर पाहुणा असतो, घरी येऊन बसलेला.

"बघा, तुमच्याकडून निघाला तो आमच्याकडे पोचला," त्या म्हणाल्या.

दोन-तीन महिन्यांत निळी यादी शंभरावर गेली आणि माझ्या डोक्यात हवा. ग्रॅहमसमोर मी टेप ऐकता ऐकता मान डोलवायचो. तो म्हणायचा, "दिनकरला तर आता तुर्की येतं!" मला ते आवडायचं. बाई एकदा मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "दिनकर बे, तुम्हाला तुर्की येत नाही. आमच्या घरातले पाहुणे तेवढे तुम्ही ओळखता. घरातली माणसं अजून तुम्ही पाहिलेली नाहीत."

मी हसलो. तेव्हा ऐकायला हवं होतं.

त्यांची आणखी एक रीत सांगतो, कारण पुढचं सगळं तिच्यावर आहे. त्या कधीही दुसऱ्याचं वाक्य पुरं करत नसत. बोलताना माणूस शब्दासाठी अडला की आपण चटकन तो पुरवतो. माझी तर ती खोडच. बाई थांबायच्या. मिनीट जाऊ दे, दोन जाऊ देत. "कोर्टात एका माणसाचं वाक्य मी पुरं केलं होतं," त्यांनी एकदा सांगितलं. "नवी होते. वाटलं, मदत करतेय. त्याला म्हणायचं होतं भलतंच. तेव्हापासून ठरवलं, वाक्य ज्याचं त्यानंच संपवायचं. मी वाट बघणार."

मालिकेचं काम त्यांना सोपं नव्हतं. त्यांचेच लोक फोन करून विचारत, की इंग्रजांना आपल्या घरातली घाण कशाला दाखवता? त्या फोनवर शांतपणे म्हणत, "घर माझं आहे, म्हणून केर मी काढते. तुम्हीही झाडू घेऊन या." आणि ग्रॅहम जेव्हा एखाद्या प्रसंगात नुसती राखरांगोळी ठेवायला बघे, तेव्हा त्याच्याशी भांडत. "जळलेलं दुकान दाखवता ना, मग पाण्याची बादली घेऊन धावलेला शेजारीही दाखवा. नाहीतर हा इतिहास नाही, चहाडी आहे."

चौथा भाग होता पन्नासच्या दशकातल्या एका सप्टेंबरच्या संध्याकाळचा. एका अफवेवरून इस्तंबूलमध्ये जमाव रस्त्यावर आला आणि त्यानं ग्रीक लोकांची दुकानं आणि घरं फोडली. त्या वेळी सोळा वर्षांचा असलेला यानी नावाचा एक ग्रीक चांभार आता उत्तर लंडनमध्ये राहात होता. त्याची मुलाखत आधीच झाली होती, पण प्रसारणाला आठवडा उरला असताना त्याचा फोन आला. एक गोष्ट सांगायची राहिली, म्हणाला. ग्रॅहम कॅमेरा घेऊन गेला आणि पंधरा मिनिटांची नवी टेप घेऊन आला.

बाईंनी ती ऐकायला घेतली त्याच संध्याकाळी. पहिली पाच-सहा मिनिटं झाली, इंग्रजी कागदावर उतरलं. शेवटचं वाक्य होतं, "आमचं दार त्यांना नुरी बेंनी दाखवलं." नुरी बे म्हणजे यानीच्या बापाच्या दुकानाला लागून दुकान असलेला तुर्क शिंपी. इथे बाई थांबल्या. डोळा फार पाणावत होता. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन होतं. "उरलेलं चार दिवसांनी," त्या म्हणाल्या. "तोवर याला हात लावू नका. याचं तोंड अजून बंद झालेलं नाही."

दुसऱ्या दिवशी वाहिनीनं कळवलं की भाग दोन दिवस आधी दाखवायचा आहे. ग्रॅहम घाईघाईत आला. त्याला यानीचा नवा तुकडा हवाच होता, पण चाळीस सेकंदांत बसणारा. "तो काय म्हणतोय ते तुला कळतं ना, दिनकर?"

"हो," मी म्हणालो.

यानी पडद्यावर म्हणत होता, "आमचं दार त्यांना नुरी बेंनी दाखवलं." मग एक श्वास. मग, "फाकात नुरी बे..." आणि तो गप्प झाला. चष्मा काढून त्यानं डोळे पुसले. दहा-बारा सेकंदांची ती शांतता इतकी भरलेली होती की कुठल्याही संकलकाचा हात तिथेच थांबावा. त्यानंतर तो पुन्हा बोलायला लागत होता, भरभर, पण त्यातले पाहुणे काही माझ्या ओळखीचे निघाले नाहीत. "फाकात" मात्र ओळखीचं होतं. फक्त. फक्त नुरी बे. बाकी कुणी नाही, एकट्या नुरी बेंनी. वाक्य पुरं आहे असं मला वाटलं. मी शांततेनंतर कापलं आणि खालच्या ओळीत माझ्या हातानं इंग्रजीत लिहिलं, "फक्त नुरी बे."

फोन हाताशी होता. बाई घरीच होत्या, एका डोळ्यावर पट्टी असली तरी कान होतेच. पण मी स्वतःला म्हटलं, तोंड दिसल्याशिवाय त्यांना ऐकू येत नाही, उगाच त्रास कशाला. त्यांचंच वाक्य मी त्यांच्याविरुद्ध वापरलं. आणि प्रत्येक तुकड्याबरोबर एक कागद जायचा, त्यावर "भाषांतर तपासलं" याच्यापुढे बाई आपलं इंग्रजी आद्याक्षर घालायच्या. ग्रॅहम दारात उभा होता, कुरिअरवाला खाली थांबला होता. ते अक्षर मी घातलं.

"फाकात"चा तुर्कीत अर्थ "पण" असा होतो.

यानी म्हणत होता, आमचं दार त्यांना नुरी बेंनी दाखवलं, पण नुरी बेंनी मागच्या दारानं आम्हा सगळ्यांना आपल्या घरात घेतलं. यानीचं घर दुकानाच्या वरच होतं, आणि जमाव त्या घराच्या जिन्याकडे वळत होता. नुरी बे बाहेर आले आणि त्यांनी दुकानाच्या दाराकडे बोट केलं, इकडे आहेत, इकडे, म्हणून ओरडले. लोक शटर फोडत असताना त्यांच्या बायकोनं अंगणातून सात माणसं आत ओढली. तीन दिवस ती माणसं शिंप्याच्या घरात कापडाच्या ठाणांमागे होती. यानीचा बाप मरेपर्यंत दुकानासाठी नुरी बेंना शिव्या देत राहिला. आता यानी सत्तरीकडे झुकला होता, आणि त्याला तेवढं एक वाक्य जगापुढे बोलायचं होतं. ते मी त्याच्या तोंडातून काढून घेतलं.

भाग दाखवला गेला. सकाळी यानीचा फोन ग्रॅहमला, आणि काय बोलला असेल ते मी लिहीत नाही. त्याच्या मागोमाग एक बाई स्वतः कचेरीत आली. आयतेन तिचं नाव, नुरी बेंची मुलगी. उत्तर लंडनमध्ये कपडे उसवून-शिवून बेतायचं तिचं लहानसं दुकान. ती खाली जिन्यात उभी राहून इतकंच म्हणत होती, "माझे वडील मेलेत. ते उत्तर द्यायला येऊ शकत नाहीत. तुम्ही द्या."

आयतेन आणि नेरीमानबाई एकाच रस्त्यावर राहात होत्या. बाईंचे सगळे स्कर्ट आयतेनकडे बेतलेले असत. शनिवारी दोघी दुकानात चहा पीत बसत.

बाईंना बोलावून घेतलं. एका डोळ्यावर पट्टी, घड्याळ कोपरापर्यंत. ग्रॅहमनं तो तुकडा लावला आणि तपासणीचा कागद त्यांच्यापुढे ठेवला. "नेरीमान, हे कसं झालं?"

त्यांनी पर्समधून ऐकायचा चष्मा काढला, पट्टीवरूनच चढवला. यानीला पाहिलं. खालची ओळ वाचली. कागदावरचं अक्षर पाहिलं. मग भिंतीवरच्या यादीकडे पाहिलं, आणि मग माझ्याकडे. बराच वेळ. त्या वाट बघत होत्या. मी कीबोर्डकडे बघत बसलो.

"भाषांतराखाली नाव माझं आहे," शेवटी त्या म्हणाल्या. "जबाबदारी माझी."

मी का बोललो नाही, असं सुलभानं मला अनेकदा विचारलं आहे. "इतकी वर्षं काम केलंत, एक चूक झाली म्हणून काय फाशी देणार होते? काऊन गप्प बसलात हो?" मला नोकरीची भीती होती हे खरं, पण ते सगळं खरं नाही. मला लाज वाटली. तुर्की येतं असं मी ज्याच्यासमोर मिरवलं त्याच्यासमोर, मला काहीच येत नव्हतं, हे बोलायची लाज. एवढ्याशा लाजेपायी एका बाईची पंचवीस वर्षांची अब्रू मी जाऊ दिली.

अब्रू गेलीच. पाचव्या भागासाठी दुसरा भाषांतरकार आणला. वाहिनीनं पुढच्या वेळी दाखवताना यानीचा तो तुकडा काढूनच टाकला. त्यामुळे आरोपही गेला आणि नुरी बेंनी केलेलंही गेलं. कोर्टाची कामं बाईंकडे येईनाशी झाली. त्यांच्या लोकांत दोन तट पडले. काहींना वाटलं बाई म्हाताऱ्या झाल्या, काहींना वाटलं विकल्या गेल्या. आयतेननं बोलणं टाकलं. बाई दुकानासमोरून जायला लागल्या की ती मान शिलाई मशीनकडे वळवायची. हे मला बाईंनीच सांगितलं, हवापाण्याबद्दल सांगावं तसं.

कारण त्या आमच्याकडे येत राहिल्या. हॅरोला आमच्या घरी, महिन्यातून एकदा, दोन बस बदलून. सुलभाला त्यांनी वांग्याचं काहीतरी शिकवलं, सुलभानं त्यांना थालीपीठ आणि थोडंसं मराठी. लेक लीड्सहून आली की तिचं मोडकं मराठी ऐकून त्या आनंदानं म्हणत, "ही माझ्यासारखी बोलते! हिला बाई चांगली असते की चांगला असते, हेसुद्धा नक्की नाही." तुर्कीत स्त्रीलिंग-पुल्लिंग असा भेदच नसतो. मला अजूनही दिनकर बे म्हणत. कुठे काही बदललं नव्हतं.

एवढंच, की जेवण झाल्यावर, सुलभा आत गेली की त्या पर्स उघडायच्या, दोऱ्यानं बांधलेला चष्मा काढायच्या, डोळ्यांवर चढवायच्या आणि माझ्या तोंडाकडे बघत बसायच्या. "बोला, दिनकर बे."

मी बोलायचो. रस्त्यावरची खोदकामं, माझा रक्तदाब, नागपूरची संत्री इकडच्या संत्र्यांपेक्षा किती वेगळी. त्या शेवटपर्यंत ऐकायच्या, मग चष्मा घडी करून ठेवायच्या आणि कोट मागायच्या. असं तीन वर्षं.

मग त्यांना स्वादुपिंडाचा आजार निघाला. दक्षिण लंडनला बहिणीकडे राहायला गेल्या आणि तिथून शेवटच्या दिवसांत हॉस्पिसमध्ये. मी गेलो तेव्हा खिडकीतून उन्हाचा पट्टा पलंगावर आला होता. हात इतका बारीक झाला होता की घड्याळ आता खांद्यापर्यंत गेलं असतं. ते उशाशी ठेवलं होतं. मला बघून त्या हसल्या. "काय बे?"

मी खुर्ची ओढली. त्यांनी बोटानं पर्स दाखवली. तीन चष्म्यांतला कोणता, ते विचारावं लागलं नाही. मी तो त्यांच्या कानांवर बसवला. काडी दोनदा निसटली.

"बोला, दिनकर बे."

मी बोललो. पहिल्या "हो"पासून त्या अक्षरापर्यंत. मध्ये तीन-चार वेळा अडकलो. त्यांनी एकदाही शब्द पुरवला नाही.

मी थांबल्यावर त्या म्हणाल्या, "मला ठाऊक होतं. त्याच क्षणी. अहो, तुर्काला ही चूक करायची म्हटली तरी जमणार नाही. ग्रॅहमला तर शब्दच ऐकू आला नसता. आणि आपल्या खोलीत मराठी माणूस एकच होता." त्या हसल्या आणि हसताना त्यांना दुखलं.

"मग तुम्ही बोलला का नाहीत, बाई?"

"वाक्य तुमचं होतं."

मी रडलो. मग म्हणाल्या, "मी रागावले होते हां. फार. बसमधून येताना दर वेळी ठरवायची की आज याला तोंडावर बोलायचं. मग सुलभा दार उघडायची, आणि तुम्ही मागे उभे असायचात, शाळेतल्या पोरासारखे. वाटायचं, आज बोलेल." थोड्या वेळानं, "पण मला सांगून काय उपयोग? मी ऐकून झाले. ज्यांच्या बापाबद्दलचं वाक्य तुटलंय, त्यांना सांगा. तेही तुर्कीत सांगा. मी शिकवते."

त्या दुपारी आणि पुढच्या दोन दुपारी त्यांनी यानीची ती दोन वाक्यं माझ्याकडून घोटून घेतली. माझे उच्चार ऐकून तोंड वाकडं करायच्या. "फाकात. फा-कात. त्यात घाई नको. यानी तिथे थांबला होता, तुम्हीही थांबा." चौथ्या दिवशी बहिणीचा फोन आला.

चाळिसाव्या दिवशी त्यांच्याकडे पुन्हा हेल्वा वाटतात. सुलभाला सांगून मी शिरा करून घेतला, केशर आणि वेलदोडा न घालता, बाई सांगायच्या तसा. भाजताना सुलभा त्यांच्याबद्दल बोलत होती, तशी रीत आहे हे तिच्या लक्षात होतं. डबा घेऊन मी उत्तर लंडनला गेलो.

आयतेनच्या दुकानात एक गिऱ्हाईक होतं. ते जाईपर्यंत उभा राहिलो. भिंतीवर नुरी बेंचा फोटो होता, गळ्यात मापाची टेप, चेहरा हसरा. मी डबा टेबलावर ठेवला. तिनं झाकण उघडलं. रव्याचा आणि लोण्याचा वास आला आणि तिनं चटकन वर पाहिलं.

"कोण गेलं?"

"नेरीमान हानम," मी म्हणालो. हानम म्हणजे बाई.

तिला माहीत नव्हतं. ती स्टुलावर बसली. मग मी सांगितलं. आधी इंग्रजीत, कोण काय चुकलं आणि नाव कुणाचं गेलं ते. "ते अक्षर मी घातलं," हे मी सांगताच ती उठून उभी राहिली, आणि मला वाटलं, आता ती मला बाहेर काढेल, आणि काढावं. ती म्हणाली, "तीन वर्षं मी त्या बाईकडे पाठ केली. तुम्हाला कळतंय का? शेवटी त्या बस-स्टॉपवर मला 'कशी आहेस, बाळा' म्हणाल्या, आणि मी चालत राहिले."

"कळतंय."

"नाही कळत," ती म्हणाली.

मग मी तुर्कीतली ती दोन वाक्यं म्हटली. आमचं दार त्यांना नुरी बेंनी दाखवलं. फाकात नुरी बे. तिथे थांबलो, बाईंनी शिकवलं होतं तेवढं. मग पुढचं. मागच्या दारानं सगळ्यांना घरात घेतलं, तिथपर्यंत.

आयतेन फोटोकडे बघत होती. "उच्चार भयंकर आहेत," ती म्हणाली. नाक पुसलं. मागच्या खोलीतून दोन चमचे घेऊन आली. एक माझ्यापुढे ठेवला. मग आपल्या चमच्यावर शिरा घेतला, तोंडात घालण्याआधी म्हणाली, "अल्लाह काबूल एत्सिन." असा हेल्वा हातात घेतला की ते लोक हे म्हणतात. देवानं कबूल करून घ्यावं. हा शब्द आमच्या यादीत निळ्या शाईत होता. पण आपण गुन्हा कबूल करतो, आणि त्यांच्याकडे समोरचा माणूस ते कबूल करून घेतो. तिनं ते शिऱ्याला म्हटलं होतं, मला नाही, हे मला माहीत आहे.

मी निघताना ती म्हणाली, "मला सांगितलंत. बरं झालं. पण टीव्हीवर मी एकटीनं पाहिलं होतं का?"

याला आता बरीच वर्षं झाली. ग्रॅहमला मी कळवलं, त्यानं दोन ओळींचं पत्र पाठवलं, वाहिनीकडून काहीच आलं नाही. यानीही गेला. टेपा कुठे आहेत, कुणाला ठाऊक नाही. माझी ऐंशी कधीच उलटली आणि हाताशी लिहिण्याखेरीज काही राहिलेलं नाही. लिहायची भाषाही मला एवढी एकच नीट येते. तेव्हा त्या चौथ्या भागातली ओळ इथे दुरुस्त करून देतो. भाषांतर नेरीमानबाईंचं. चूक माझी होती.

"आमचं दार त्यांना नुरी बेंनी दाखवलं. पण नुरी बेंनी मागच्या दारानं आम्हा सगळ्यांना आपल्या घरात घेतलं."